तिला गाडी लागते!

पहिली उलटी पाटसला. दुसरी टेंभुर्णीला, हायवे सोडून आत वळलो तिथे. तिसरी कुर्डुवाडीच्या पुढे, चौथी येडशीच्या चढाला आणि पाचवी लातूरच्या गंजगोलाईत, भर बाजारात! सीट कव्हर, माझी ओढणी, नवऱ्याची नवी कोरी जीन्स, तीन टॉवेल आणि रविवारची अख्खी पुरवणी एवढा ऐवज खर्ची पडला, तेव्हा कुठे आम्ही शिरूर अनंतपाळला पोचलो.

उलट्या करणारी म्हणजे आमची झिपरी. वय महिने आठ, वजन चौदा किलो, रंग गुळासारखा आणि जात शंभर टक्के गावठी. खराडीच्या आमच्या सोसायटीत, पार्किंगमध्ये एका पावसाळी रात्री सापडली आणि आठवडाभरात तिसऱ्या मजल्यावरच्या टू बीएचकेची मालकीण झाली.

कुत्रा आणि गाडी म्हटलं की डोळ्यांसमोर काय येतं? जाहिरात! खिडकीबाहेर डोकं, वाऱ्यावर उडणारे कान, मागे हिरवे डोंगर आणि कुठलंसं गिटार. आम्हीही हेच स्वप्न बघून निघालो होतो. फोटोंसाठी झिपरीला लाल स्कार्फसुद्धा घेतला होता. तो पाटसलाच कामी आला. पुसायला.

कुठलं शिरूर?

ऑफिसात रजा टाकली की ठरलेला प्रश्न येतो, ‘शिरूर? नगर रोडचं ना? मग दोन दिवसांची रजा कशाला?’ नाही हो! घोडनदीचं शिरूर वेगळं, बीडमधलं शिरूर कासार वेगळं, आणि लातूर जिल्ह्यातच अहमदपूरकडे शिरूर ताजबंद आहे ते आणखी वेगळं. माझं आजोळ ते शिरूर अनंतपाळ. १९९९ साली तालुका झालेलं छोटंसं गाव. पुण्याहून लातूर सव्वातीनशे-साडेतीनशे किलोमीटर, आणि तिथून नळेगावमार्गे आणखी पन्नासेक. तूर, सोयाबीन, ज्वारी, लांबच लांब काळी माती आणि वर भलंमोठं आभाळ. ‘तिथे बघण्यासारखं काय आहे?’ याचं उत्तर मला कधीच नीट देता आलेलं नाही.

पण येळवसला मात्र तिथे जायलाच हवं. येळवस म्हणजे वेळा अमावास्या. मार्गशीर्षातल्या अमावास्येचा हा सण लातूर-धाराशिवकडचा खास. त्या दिवशी गावं ओस पडतात आणि शेतं भरतात. कडब्याची कोप करायची, त्यात पांडव मांडायचे, पूजा करायची आणि मग पंगत. भाज्या, तुरीचे-वालाचे दाणे आणि ताक-बेसन घातलेली भज्जी (आपल्या कांदा भजीशी हिचा काही संबंध नाही!), ज्वारी-बाजरीचे उंडे आणि मडक्यातलं गार आंबिल. ज्याला शेत नाही, त्याला कुणी ना कुणी बोलावतंच. पुण्यात शेजारच्या फ्लॅटमध्ये कोण राहतं हे ठाऊक नसलेल्या माझ्यासारखीला हा दिवस वर्षभर पुरतो.

त्यात आजीचा फोन आला होता, ‘तुझं ते कुत्रं मला दाव की गं.’ आजी ऐंशीच्या पुढची. पुण्याला ती कधी येत नाही. माझ्या लग्नालाही आली नव्हती. गुडघे दुखतात, असं कारण घरात ठरलेलं होतं. मग काय, झिपरीच तिच्याकडे!

गोलाईतले दोन राउंड

खरं तर झिपरीने आधीच सगळं सांगितलं होतं, आम्हाला कळलं नाही. हडपसर सुटायच्या आत तिने पाच-सहा जांभया दिल्या. आम्ही म्हटलं, पहाटे उठवलं ना, झोप आली बिचारीला. मग ती सारखे ओठ चाटायला लागली. आम्ही म्हटलं, भूक लागली, आणि चक्क दोन बिस्किटं दिली! मग लाळ गळायला लागली, मग कुईकुई, आणि मग एकदम गप्प. यवतला मी कौतुकाने म्हणाले, ‘बघ, शांत झाली.’ पुढे पाटस.

त्यात आमचं ड्रायव्हिंग. नवऱ्याला ‘साडेसहा तासांत लातूर’ हा रेकॉर्ड करायचा होता. रिकामा रस्ता दिसला की ॲक्सिलरेटर, ट्रक दिसला की ब्रेक. एसी फुल, काचा बंद, आणि डॅशबोर्डवर लिंबाच्या वासाचं ते जेल. उलटीचा वास जावा म्हणून आम्ही त्याचं झाकण आणखी उघडलं.

लातुरात गंजगोलाई बघायची हौस माझी. गोलाई म्हणजे मधोमध जगदंबेचं देऊळ, भोवती गोल बाजारपेठ आणि तिला येऊन मिळणारे सोळा रस्ते. त्यातला आपला रस्ता कुठला हे मला दरवेळी नव्याने शोधावं लागतं. एक राउंड झाला, रस्ता चुकला. दुसऱ्या राउंडला मागून तो ओळखीचा आवाज आला. गोल गोल फिरवल्यावर काय होणार? आपल्याला पाळण्यात होतं तेच!

‘हितंच ऱ्हाऊ दे तिला’

अंगणात झिपरी उतरली आणि पाय फाकवून नुसती उभी राहिली. शेपूट खाली. पाणीही प्यायली नाही. मामाने तिच्याकडे बघितलं, मग आमच्या गाडीकडे, मग नवऱ्याच्या जीन्सकडे.

‘कशाला लेकराचे हाल केलाव? हितंच ऱ्हाऊ दे तिला. रान हाय, मोकळं हाय. तुमच्या त्या डब्यात काय करती ती?’

हे ऐकून मला राग यायला हवा होता. पण खरं सांगू? मला थोडं हायसंच वाटलं. दिवाळीला कोकणात जायचं होतं, मार्चमध्ये मैत्रिणीचं लग्न नाशिकला. कुत्री घरात आल्यापासून आमचा एकही वीकएण्ड धड झाला नव्हता. आणि इथे मामा स्वतःच म्हणत होता, ठेवून जा. दुसऱ्या दिवशी येळवसला झिपरी शेतात अशी काही धावली, की माझ्यातली उरलीसुरली अपराधी भावनाही पळाली. ती खूष आहे, आजी खूष आहे, आम्ही सुटलो. सगळं फिट्ट!

पंगत उठल्यावर मामाच्या देवणी बैलांचा विषय निघाला. शेजारच्याच देवणी तालुक्याचं नाव मिरवणारी ही जात, पांढऱ्यावर काळ्या ठिपक्यांची, बघत राहावी अशी. ही जोडी मामाने उदगीरकडच्या हाळी-हंडरगुळीच्या बाजारातून टेम्पोत घालून आणलेली. मी सहज विचारलं, ‘मामा, बैलांना गाडी लागत नाही?’

‘ओकत नाहीत गं ते. पण तरास होतोय की.’ मग मामाने बैल कसा आणायचा ते सांगितलं. टेम्पोत चढवायच्या आधी पोट फुगेस्तोवर वैरण घालायची नाही. खाली पाचट अंथरायचं, पाय घसरले की जनावर भितं. तोंड वाऱ्याला हवं. वाटेत एकदा तरी थांबायचं. ‘आन ड्रायव्हरला म्हणायचं, बाबा, ब्रेक हळू. बैल बोलत नाही, पण उतरल्यावर त्याच्याकडं बघितलं की ड्रायव्हर कसा व्हता ते कळतंय.’

नवरा आंबिलाच्या पेल्यात बघत राहिला.

आजी, झिपरी आणि चिचुंद्री

रात्री आजीजवळ झोपले होते. झिपरी तिच्या पायाशी. भिंतीच्या कडेने एक चिचुंद्री चूंचूं करत गेली आणि झिपरी उठून तिच्यामागे. आजीला हसू आवरेना. मग हसता हसता म्हणाली, ‘हिचं बरं हाय. पाच बारी वकली तर तुम्ही पाच बारी पुसलाव. मला गाडी लागली की समदे तोंड वाकडं करायचे.’

‘तुला गाडी लागते?’

‘मग? एसटीत बसलं की लातूर यायच्या आत सुरू. लोकं शिव्या देत्यात, कंडक्टर वरडतोय. तुझ्या आईच्या घरी शेवटचं आले तवा परतताना दोन दिवस उठले नाही. मग म्या जाणंच सोडलं. सांगायचं काय? गुडघे म्हणायचं.’

मी काहीच बोलू शकले नाही. माझ्या लग्नातले फोटो आठवले. सगळे आहेत, आजी नाही. वीस वर्षांत तिला कुणी ‘थांबत थांबत नेतो, चल’ असं म्हटलं नव्हतं. मीही नाही. तिला गाडी लागते, हे आम्हाला माहीतच नव्हतं, कारण आम्ही कधी विचारलं नव्हतं. आणि आता झिपरीचं आम्ही तेच करायला निघालो होतो. लागते ना गाडी? मग राहू दे तिला घरी!

सकाळी मामाला म्हटलं, ‘झिपरीला घेऊन जाते.’ मामा म्हणाला, ‘मग नीट ने.’

कानाचा घोटाळा

पुण्याला परत आल्यावर आमच्या डॉक्टरांनी आधी झिपरीचे कान तपासले. का? कारण गाडी लागण्याचा उगम पोटात नाही, कानात आहे. आतल्या कानात तोल सांभाळणाऱ्या तीन अर्धवर्तुळाकार नळ्या असतात, आणि त्यांच्याजवळच वेग आणि कल ओळखणारे दोन अवयव. गाडी हलली, वळली, दचकली की ते मेंदूला कळवतात, ‘आपण हलतोय!’ पण सीटवर बसलेल्या कुत्र्याला समोर दिसतं सीटचं पाठीमागचं कव्हर. डोळे म्हणतात, ‘कुठे हलतोय? आहे तिथेच तर आहोत.’ या दोन रिपोर्टचा मेळ बसला नाही की मेंदू गोंधळतो आणि मळमळ सुरू होते. पिल्लांमध्ये कानाची ही यंत्रणा पुरती तयार झालेली नसते, म्हणून त्यांना त्रास जास्त. वर्षभराची झाली की बऱ्याच जणांचा तो आपोआप कमी होतो.

कानाचा हा संबंध जुना आहे. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स यांनी १८८२ साली दाखवून दिलं, की बऱ्याच कर्णबधिर माणसांना गरगर फिरवलं तरी भोवळ येत नाही. आतला कानच काम करत नसेल, तर भांडण होणार कुणाचं? आणि गंमत ऐका. प्रयोगशाळेतले लाडके उंदीर या कामाला निरुपयोगी, कारण उंदरांना ओकताच येत नाही. घोड्यांनाही नाही. मग १९८०च्या दशकात जपानी संशोधकांना एक प्राणी सापडला, जो हलवला की बरोब्बर ओकतो. कोण? आपली चिचुंद्री! आजीच्या भिंतीकडेने पळणारी तीच. गाडी लागण्यावरच्या आणि उलटीच्या औषधांवरच्या संशोधनात तिचा मोठा वाटा आहे. झिपरीने तिला उगाच पळवलं.

आणि ज्यांना गाडी लागते त्यांनी लाजायचं काही कारण नाही. चार्ल्स डार्विन १८३१ ते १८३६ अशी पाच वर्षं जहाजावर होते आणि बोट लागून त्यांचे हाल व्हायचे. त्या जहाजाचं नाव काय? ‘बीगल’!

किल्ली वाजली की लाळ

कान ठणठणीत निघाले. मग डॉक्टरांनी विचारलं, ‘ही आजवर गाडीत किती वेळा बसली आणि कुठे कुठे गेली?’

मोजलं. येळवसच्या आधी सहा वेळा. सहाही वेळा त्यांच्याच दवाखान्यात. सुई टोचायला.

पावलॉव्हचा कुत्रा आठवतो ना शाळेतला? पचनावरच्या कामासाठी १९०४चं नोबेल मिळालेल्या या रशियन शास्त्रज्ञाने दाखवलं, की जेवणाची खूण नेहमीची झाली की ती खूण मिळताच कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटतं. आमच्याकडे उलटा प्रकार होता. गाडीची किल्ली वाजली की झिपरीची लाळ गळायची, भीतीने आणि मळमळीने! म्हणजे दुखणं अर्धं कानातलं आणि अर्धं आम्ही लावलेलं.

गोळी आहे. मॅरोपिटंट नावाचं औषध मेंदूच्या उलटीच्या केंद्राकडे जाणारा इशारा अडवतं. अमेरिकेत २००७ साली ते कुत्र्यांसाठी मंजूर झालं. पण ते मुख्यतः उलटी थांबवतं, मनातली भीती नाही. आणि किती द्यायचं ते वजन-वय बघून डॉक्टरच ठरवणार. माझ्या आईने फोनवर सुचवलेली ‘आपली एसटीतली अर्धी गोळी दे की’ ही आयडिया डॉक्टरांनी हात जोडून नाकारली. माणसांच्या गोळ्या मनाने द्यायच्याच नाहीत. मांजराला तर साधी पॅरासिटामॉलही जिवावर बेतते.

मग सुरू झाला आमचा क्रॅश कोर्स. खरं तर क्रॅशच्या बरोब्बर उलटा. पहिला आठवडा : बंद गाडी, उघडी दारं, आणि झिपरीचं रात्रीचं जेवण मागच्या सीटवर. वॉचमनकाका रोज बघून जायचे, ‘मॅडम, गाडी बिघडली का?’ दुसरा आठवडा : दारं बंद, इंजिन चालू, गाडी जागेवर. तिसरा : सोसायटीच्या गेटपर्यंत. चौथा : पलीकडच्या मैदानापर्यंत, तिथे उतरून मनसोक्त धावायचं आणि परत. लाळ दिसली की एक पाऊल मागे. दवाखान्यात जायचं तर पायी. दीड महिन्याने एका रविवारी मी किल्ली उचलली आणि झिपरी दाराशी येऊन शेपूट हलवत उभी राहिली. प्रमोशन झालं तेव्हाही मला एवढा आनंद झाला नव्हता!

नऊ तासांचं लातूर

यंदाच्या येळवसला पुन्हा निघालो. आदल्या रात्री तिला हलकं जेवण, पहाटे डॉक्टरांनी दिलेली गोळी निघायच्या दोन तास आधी, घासभर खाण्यासोबत. मागच्या सीटवर हार्नेसचा पट्टा, खाली न घसरणारी रबरी चटई (मामाचं पाचट!), काच बोटभर खाली, एसी बेताचा, जेल कचऱ्यात. आणि स्टिअरिंगवर मी. नवऱ्याचा रेकॉर्ड रद्द.

दर सव्वा-दीड तासाला थांबायचं, हा नियम. या नियमाने मला एक भलतीच गोष्ट दिली. लहानपणापासून मी या रस्त्याने जातेय, पण रस्ता कधी पाहिलाच नव्हता. भिगवणला हायवेच्या कडेला चहा घेताना उजनीच्या पाण्यावर कोवळं ऊन पसरलेलं पाहिलं. हिवाळ्यात तिथे रोहित पक्षी उतरतात. झिपरीला पट्ट्यात ठेवून आम्ही लांबूनच नमस्कार केला. कुर्डुवाडीला थांबलो तेव्हा आठवलं, इथूनच बार्शीची छोटी रेल्वे निघायची. अडीच फुटी रुळांची बार्शी लाइट रेल्वे, १८९७ साली बार्शीपर्यंत आणि १९११ साली लातूरपर्यंत पोचलेली. आता तिथे ब्रॉडगेज आहे. येडशीला बालाघाटाच्या चढाआधी दहा मिनिटं आणि चढ संपल्यावर दहा मिनिटं थांबलो. रामलिंगचं अभयारण्य तिथेच. झाडी हवी तर डिसेंबरपेक्षा पावसाळ्यात या, आणि कुत्रा बरोबर असेल तर देवळाकडची माकडं लक्षात ठेवा! चढाला झिपरीची थोडी लाळ गळली. मी गाडी हळू केली. मागच्या ट्रकवाल्याने हॉर्न वाजवला. वाजवू दे.

गोलाईला यंदा बाहेरूनच वळसा.

नऊ तास लागले. उलट्या शून्य! अंगणात उडी मारून झिपरी आधी मामाकडे गेली, मग बैलांकडे बघून भुंकली, मग पाणी प्यायली. मामाने तिच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. ‘कोण व्हतं ड्रायव्हर?’

‘मी.’

‘हां,’ मामा म्हणाला. एवढंच. माझ्यासाठी ते अप्रेझल होतं.

पुढची सीट

येळवस झाली. भज्जी खाऊन खाऊन पोट फुटायची वेळ आली. निघायच्या आदल्या संध्याकाळी मी आजीला म्हटलं, ‘पुढच्या सीटवर बस. समोरचा रस्ता बघत राहायचं, मान खाली घालायची नाही. डॉक्टरांना विचारून गोळी घेऊ. दर दीड तासाला थांबू. कुणी तोंड वाकडं करणार नाही. चल.’

मामी म्हणाली, ‘ह्या वयात कुठं आता?’ आई फोनवर म्हणाली, ‘त्रास होईल गं तिला.’ सगळे तिच्यावतीने बोलत होते. आजीने झिपरीकडे बघितलं.

‘ही कुठं बसती?’

‘मागे.’

‘मग चल.’

सकाळी आजी पुढे बसली, हातात लिंबू, पदरात वेलदोडा. मागून झिपरी तिच्या खांद्यावर हनुवटी टेकवायची, तेवढीच तिची हार्नेस पुरत होती. लातूर गेलं, मुरूड गेलं, ढोकी गेलं. कुर्डुवाडीला आजीने खाली उतरून स्टेशन बघायचं म्हटलं. लग्नानंतर पहिल्यांदा ती या छोट्या रेल्वेने आली होती. ‘त्या गाडीत मला कधी लागली नाही,’ म्हणाली. ‘लई हळू जायची ना ती.’

टेंभुर्णीच्या पुढे आजीला एकदा उलटी झालीच. मी गाडी बाजूला घेतली, नवऱ्याने पाणी दिलं, झिपरीने तिचा हात चाटला. आजी ओशाळून म्हणाली, ‘तुमचा येळ चाललाय.’ आम्ही म्हटलं, आहे आमच्याकडे वेळ. आणि खरंच होता. पाऊण तास बाभळीच्या सावलीत बसलो. दशम्या खाल्ल्या, अर्थात झिपरीला सोडून! स्कोअर सांगायचा तर : झिपरी शून्य, आजी एक.

आज हे लिहिताना आजी बाल्कनीत बसलीय. लिफ्टची तिला भीती वाटत नाही, पण सोसायटीतल्या बायका एकमेकींशी बोलत का नाहीत हे कळत नाही. संध्याकाळी झिपरीला खाली न्यायचं काम तिने घेतलंय. दोघी हळूहळू चालतात आणि वॉचमनकाका उठून गेट उघडतात. शेजारच्या फ्लॅटमध्ये कोण राहतं, हे आता मला माहीत आहे. आजीने विचारून आलीय.

निघताय? मग हे वाचा!

• जांभया, ओठ चाटणं, लाळ, कुईकुई किंवा अचानक गप्प होणं, ही उलटीआधीची भाषा आहे. दिसली की थांबा. मांजरं जोरात ओरडतात, लाळ गाळतात, कधी पिंजऱ्यातच घाण करतात.

• निघण्याआधी काही तास पोटभर खाणं नको, पाणी थोडं थोडं चालेल. लहान पिल्लाला किती वेळ उपाशी ठेवायचं, ते डॉक्टरांना विचारा.

• कुत्र्याला मागच्या सीटवर हार्नेसने बांधा किंवा पिंजऱ्यात ठेवा. मांजर नेहमी पिंजऱ्यातच. खिडकीबाहेर डोकं फक्त जाहिरातीत!

• ‘पाच मिनिटांत येतो’ म्हणून बंद गाडीत सोडून जाऊ नका. २००५ साली स्टॅनफर्डच्या संशोधकांनी मोजलं, तेव्हा बेताच्या हवेतही उन्हातल्या गाडीचं तापमान तासाभरात साधारण २२ अंश सेल्सिअसने वाढलं, आणि त्यातली ८० टक्के वाढ पहिल्या अर्ध्या तासातच झाली. काच थोडी उघडी ठेवून फारसा फरक पडला नाही. मराठवाड्यातल्या एप्रिल-मेची कल्पना करा.

• रेल्वेने न्यायचं तर फर्स्ट एसीतला अख्खा कूपे किंवा केबिन बुक करावी लागते. नाही तर कुत्र्याला गार्डच्या डब्यातल्या पेटीतून जावं लागतं. भित्र्या कुत्र्यासाठी ते नकोच.

• सतत उलट्या, रक्त, ताप, किंवा गाडी थांबल्यावरही तोल जाणं, मान वाकडी राहणं, हे गाडी लागणं नव्हे. लगेच दवाखाना गाठा. शिरूर अनंतपाळकडे असाल, तर उदगीरला पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे.

• येळवस चुकली? याच तालुक्यातल्या उजेड गावी प्रजासत्ताक दिनाच्या सुमारास महात्मा गांधींच्या नावाने यात्रा भरते, गांधीबाबाची यात्रा! गर्दी असते, तेव्हा कुत्र्याला घरी कुणाजवळ तरी ठेवून जा. आजीला मात्र न्या.